पग, सीएनजी गाडी आणि मे महिन्यातलं चिपळूण

नमस्कार. तुमचा प्रश्न थोडक्यात असा: ठाण्यातल्या कासारवडवलीहून मेच्या दुसऱ्या आठवड्यात चिपळूणजवळच्या गावी जायचंय. गाडी सीएनजी हॅचबॅक, माणसं चार आणि सोबत चार वर्षांचा, ११ किलोचा पग. त्याच्या अंगाखाली घालायला कूलिंग मॅट कुठली घ्यावी, आणि वाटेत जेवायला थांबल्यावर एसी चालू ठेवून त्याला पंधरा मिनिटं गाडीत ठेवलं तर चालेल का, हे तुम्हाला हवंय.

दुसऱ्याचं उत्तर आधी देते: नाही चालणार. मॅट मात्र तुम्हाला आवडेल ती घ्या, कारण या प्रवासात तिचं काम सगळ्यात कमी आहे. एसी नीट असलेली गाडी धावत असते तोवर कुत्र्याला सहसा काही होत नाही. होतं ते गाडी उभी राहिल्यावर. वाटेतल्या माणगावच्या रांगेत, सीएनजीच्या पंपावर, हॉटेलबाहेर, टायर पंक्चर झाल्यावर. म्हणून तयारी करायची ती थांबण्याची.

तुमचा कुत्रा लॅब्राडोर किंवा गावठी असता तर मी इतकं ताणून सांगितलं नसतं. पगचं गणित वेगळं आहे. कुत्र्याला माणसासारखा अंगभर घाम येत नाही. पंजांच्या गाद्यांना थोडा येतो, त्याने शरीर थंड होत नाही. त्याचा सगळा भरवसा धापा टाकण्यावर असतो: जीभ, तोंड आणि नाकातल्या ओलाव्यावरून हवा खेळवायची, ओलावा उडून जातो, रक्त थंड होतं. पगचं नाक चेपलेलं, नाकपुड्या अरुंद, वरून घशातला मऊ टाळू गरजेपेक्षा लांब. तेवढीच हवा आत घ्यायला त्याला जास्त जोर लावावा लागतो, त्या जोरानेच अंगात उष्णता वाढते, घसा सुजतो, वाट आणखी अरुंद होते. हे चक्र एकदा सुरू झालं की कुत्रा आपलं आपण त्यातून बाहेर येत नाही. त्यात ११ किलो. पग साधारण सहा ते आठ किलोचा असावा. ही जास्तीची चरबी त्याच्या अंगावर कायमचं जाकीट आहे. दोन आठवड्यांत ती उतरणार नाही, पण आपल्याकडे चुकीला जागा किती कमी आहे ते लक्षात असू द्या.

दुसरी अडचण आपल्या हवेची. ठाण्यात मे महिन्यात पारा ३३-३५ च्या आसपास असतो, नागपूरवाले हसतील. पण दमटपणा इतका की ओलावा उडायलाच तयार नसतो. कोरड्या ३८ अंशांत जी धाप कामाची ठरते ती खाडीकाठच्या ३३ अंशांत बरीच कमी कामाची ठरते. त्यामुळे तापमानाचा आकडा बघून निर्धास्त होऊ नका. एसी हवा थंड करतो तसा तिच्यातलं पाणीही काढून घेतो, आणि पगला या दुसऱ्या गोष्टीचाही तितकाच फायदा होतो.

आता गाडी. निघण्याच्या आठवडाभर आधी कुत्र्याला घरी ठेवून एक चाचणी करा. दोन-तीनशे रुपयांत तापमान आणि आर्द्रता दाखवणारं छोटं डिजिटल यंत्र मिळतं. ते मागच्या सीटवर, कुत्र्याचं डोकं जिथे असेल त्या उंचीवर ठेवा. दुपारी बाराच्या सुमारास घोडबंदर रोडवर अर्धा तास गाडी फिरवा आणि मुद्दाम गायमुखकडच्या रांगेत अडकू द्या. वाहत्या रस्त्यावर मागे २३ दाखवतंय आणि रांगेत पाच-दहा मिनिटांत २८-२९ वर जातंय, तर एसीच्या कंडेन्सरचा (उष्णता बाहेर टाकणाऱ्या भागाचा) पंखा, त्याच्या जाळीत बसलेला कचरा किंवा केबिन फिल्टर यांपैकी काहीतरी बघायला हवं. गाडी धावताना समोरून वारा मिळतो म्हणून पंख्याचा दोष झाकला जातो, उभ्या गाडीत उघडा पडतो. मेकॅनिकला नुसतं ‘एसी चेक कर’ म्हटलं तर तो गॅस भरून देईल. त्याला सांगा, ‘चालत्या गाडीत थंड, उभ्या गाडीत गरम.’ म्हणजे तो नेमका पंखा बघेल.

बऱ्याच हॅचबॅकना मागे एसीचे झरोके नसतात. पुढून येणारी थंड हवा दोन सीटच्या मधून, वरच्या बाजूने मागे जाते. कुत्रा पायांपाशी खाली बसला तर त्याला ती लागतच नाही, आणि पग नेमका तिथेच जाऊन बसतो. मधले दोन झरोके सरळ मागे वळवा, पंखा दोन नंबरवर ठेवा आणि त्याला सीटवर बसवा. यंत्रावर २२ ते २४ हवं. २७ च्या वर गेलं की काहीतरी करायची वेळ आली असं धरा. आतली हवा फिरवणारं बटण चालू ठेवा, नाहीतर रांगेत पुढच्या ट्रकचा गरम धूर आत येतो. अर्ध्या-पाऊण तासाने दोन मिनिटं बाहेरची हवा घ्या. सिग्नलला इंजिन आपोआप बंद पडण्याची सोय असेल तर ती निघतानाच बंद करून टाका, कारण इंजिनाबरोबर बहुतेक गाड्यांत एसीचा कॉम्प्रेसरही थांबतो.

ऊन हा भाग लोक सगळ्यात हलक्यात घेतात. निवांत पडलेला ११ किलोचा कुत्रा साधारण २० वॉट उष्णता सोडतो. त्याच कुत्र्याच्या अंगावर काचेतून थेट ऊन पडलं तर त्याच्या दुप्पट-तिप्पट उष्णता वरून येते, एसी चालू असला तरी. म्हणजे मॅटपेक्षा सावली कितीतरी मोठं काम करते, आणि ती फुकट आहे. ठाण्याहून चिपळूणकडे जाताना आपण जवळजवळ दक्षिणेला जातो, म्हणून सकाळचं ऊन डावीकडून येतं. कुत्र्याची जागा ड्रायव्हरच्या मागे, उजव्या बाजूला ठेवा. डावीकडे बसणाऱ्या माणसाने ऊन सोसावं. नऊनंतर ऊन वर चढतं आणि मेच्या मध्यात तर आपल्या अक्षांशावर सूर्य दुपारी बरोबर डोक्यावर येतो, तो शून्य सावलीचा दिवस. तेव्हा बाजू बदलून काही साधत नाही, टप तापतं. काचांना काळी फिल्म लावायचा विचार असेल तर सोडा, २०१२ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानंतर पोलीस ती उभ्या उभ्या काढायला लावतात. गाडी उभी असताना पुढच्या काचेला चंदेरी पडदा लावा, तेवढं पुरे.

सीटवर रेक्झिनचं कव्हर असेल तर त्यावर जुनी सुती चादर दुहेरी घालून टाका. रेक्झिन तापतं आणि पोटाखालची हवा कोंडते. मॅटचं म्हणाल तर दाबल्यावर थंड लागणारी जेलची मॅट अंगातली उष्णता काही वेळ ओढून घेते, मग तिला मोकळं ठेवून पुन्हा थंड व्हायला वेळ द्यावा लागतो. तापलेल्या गाडीत राहिली तर ती स्वतःच गरम होते. चावणारा कुत्रा असेल तर जेल पोटात जायचं. त्यापेक्षा एक लिटरच्या दोन बाटल्या रात्री फ्रीजरमध्ये गोठवा, प्रत्येकी एका जाड टॉवेलमध्ये गुंडाळा आणि त्याच्या शेजारी ठेवा. हवं तर टेकेल, नको तर सरकेल. बर्फ वितळला की तेच पाणी प्यायला उपयोगी पडतं. भिजवून घालायची जाकिटं दमट हवेत नुसती ओली राहतात. एसीच्या कोरड्या झोतात मात्र बरी चालतात.

केस भादरून टाकू का, हे पुढे कोणीतरी विचारेलच. पगला नको. रोज पाच मिनिटं ब्रश फिरवून गळणारे केस काढले की हवा कातडीपर्यंत जाते. ज्यांच्याकडे पॉमेरेनियन किंवा गोल्डन रिट्रीव्हर आहे त्यांनी तर मशीन लावूच नये, त्यांच्या केसांचा दुहेरी थर उन्हालाही अडवतो.

वेळेचं सांगायचं तर पहाटे चारला गाडी सोसायटीच्या गेटबाहेर हवी. ऐरोलीमार्गे ठाणे-बेलापूर रस्ता, कळंबोली, पळस्पे, पेण, वडखळ हा टप्पा उजाडायच्या आत मागे पडतो. मेमध्ये सूर्य सहाच्या सुमारास उगवतो. इंदापूर आणि माणगाव या दोन बाजारपेठा सातच्या आधी ओलांडल्या की अर्धी लढाई जिंकलात, शनिवारी सकाळी नऊला तिथे किती वेळ जाईल ते कोणीच सांगू शकत नाही. कशेडीचा बोगदा, भरणे नाका, परशुराम घाट करून नऊ-साडेनऊपर्यंत चिपळूण. सुटीच्या शुक्रवारी रात्री दहाला निघणं थंड वाटतं, पण अख्खी मुंबई तेव्हाच निघते. चढावर इंजिन गरम होतंय म्हणून एसी बंद करायची सवय असेल तर पग सोबत असताना ती मोडा. त्यापेक्षा सावली बघून बाजूला उभे राहा.

सीएनजीचं विसरू नका. पंपावर गॅस भरताना सगळ्यांना खाली उतरावं लागतं, कुत्र्यालाही. दुपारच्या रांगेत वीस मिनिटं काँक्रीटवर उभा राहिलेला पग, हा सगळा बेत मोडायला पुरेसा प्रकार आहे. आदल्या रात्री टाकी भरून ठेवा आणि वाटेत गॅस संपला तर उरलेला रस्ता पेट्रोलवर काढा. दोन-तीनशे रुपये जास्त जातील, जाऊ द्या. हॅचबॅकच्या डिकीत सिलिंडर असतो, त्यामुळे ‘डिकीत बसवू का’ हा प्रश्न तुमच्यापुरता मिटला. ज्यांची डिकी मोकळी आहे त्यांनीही मागच्या काचेखाली कुत्रा ठेवू नये, एसीची हवा तिथे पोचत नाही आणि ऊन मात्र पोचतं.

बांधायचं ते हार्नेसला, गळ्यातल्या पट्ट्याला कधीच नाही. सीटबेल्टच्या खाचेत अडकवायची छोटी दोरी मिळते. ती इतकीच लांब ठेवा की त्याला बसता, झोपता, वळता येईल, पण दोन सीटच्या मधून पुढे उडी मारता येणार नाही. पुढच्या सीटवर एअरबॅग असते, तिथे नको. मागच्या काचांचं लॉक दाबून ठेवा, कारण पंजा बटणावर पडला की काच खाली येते. डोकं बाहेर काढून वारा खाणारा कुत्रा फोटोत छान दिसतो, पण पगचे डोळे बाहेर आलेले असतात आणि कोकणच्या रस्त्यावर खडी उडते. कापडी, तोंड आवळून धरणारं मझल लावू नका. तोंड उघडता आलं नाही तर धाप बंद, आणि मग काहीच उरत नाही.

खाणं: आदल्या रात्री आठला नेहमीच्या निम्मं-पाऊण जेवण, पहाटे फक्त पाणी. गावी पोचल्यावर तासभर आराम आणि मग नाश्ता. भरल्या पोटी पग उलटी करतो, उलटी आली की घाबरतो, घाबरला की धापा टाकतो. याला गाडी लागते हे आधीपासून माहीत असेल तर डॉक्टरांकडून मॅरोपिटंटची गोळी लिहून घ्या, ती निघण्याच्या किमान दोन तास आधी द्यायची असते. घरातली माणसांची अव्होमिन स्वतःच्या मनाने देऊ नका. ‘शांत झोपेल अशी गोळी द्या’ ही मागणी मी पगच्या बाबतीत उन्हाळ्यात सरळ नाकारते. गुंगीत घशाचे स्नायू सैल पडतात, श्वासाची वाट आणखी बारीक होते, आणि काही औषधं शरीराची तापमान सांभाळायची यंत्रणाच ढिली करतात. गुंगीतला कुत्रा त्रास होतोय हे दाखवतही नाही.

पाणी एरवी दिवसाला किलोमागे ५० ते ६० मिली, म्हणजे तुमच्या कुत्र्याला ५५०-६६० मिली लागतं. प्रवासात एकदम वाटीभर न देता दर अर्ध्या-पाऊण तासाने ५०-६० मिली द्या. गटागटा प्यायला की हवा गिळतो आणि ओकतो. पिण्यासाठी दोन लिटर घ्या आणि वेगळा पाच लिटरचा कॅन फक्त अंगावर ओतण्यासाठी भरून ठेवा. तो कॅन सीटखाली हाताशी हवा, सामानाच्या तळाशी गेला तर असून नसल्यासारखा. मिठाचं ताक, कोकम सरबत, कॉफी नको. बिया काढलेल्या कलिंगडाच्या दोन फोडी चालतील. साखरविरहित म्हणून मिळणाऱ्या कुठल्याही गोळ्या-च्युइंगम त्याच्या तोंडापासून लांब ठेवा, त्यातलं झायलिटॉल कुत्र्याला जिवावर बेतू शकतं.

आता ती पंधरा मिनिटं. बाहेर ३३ असताना बंद गाडीत दहा मिनिटांत ४३ च्या आसपास होतं आणि अर्ध्या तासात ५० च्या वर. काच बोटभर खाली ठेवून यात नाव घेण्यासारखा फरक पडत नाही. एसी चालू ठेवून जाऊ म्हणाल तर इंजिन बंद पडू शकतं, काही गाड्या चावी लांब गेली की तक्रार करतात किंवा ठरावीक वेळाने स्वतःच बंद होतात, कुत्र्याचा पाय एसीच्या बटणावर पडतो. उभ्या गाडीत एसी आधीच अर्धा कमजोर झालेला असतो हे वर आलंच. आणि हे सगळं तुम्हाला आत मिसळीची ऑर्डर येईपर्यंत कळणार नाही. दोघांनी जाऊन खावं, दोघांनी कुत्र्याजवळ थांबावं, मग अदलाबदल. किंवा पार्सल घ्या. सकाळी साडेसहाला वडापाव बाहेर बाकड्यावर बसून खाता येतो.

दर दोन तासांनी पाच-दहा मिनिटं उतरवा, सावलीत आणि मातीवर. डांबरावर उतरवण्याआधी हाताचा तळवा उलटा करून सात सेकंद टेकवा. तुम्हाला नाही टेकवला तर त्यालाही नाही टेकवणार. पुन्हा बसताना गाडी तापलेली असेल तर चारी दारं उघडून मिनिटभर गरम हवा जाऊ द्या, मग काचा खाली ठेवून एसी पूर्ण वेगात मिनिटभर, मग काचा वर. कुत्रा सगळ्यात शेवटी आत.

त्रास ओळखायचा कसा? नुसत्या धापांवरून नाही, पग एरवीही घुरघुरतो. बघा ते त्याच्या जिभेकडे. बरा असेल तेव्हा जीभ लहान, टोक निमुळतं. उष्णता वाढायला लागली की जीभ लांब लोंबते आणि टोक पळीसारखं रुंद होतं, कडा वर वळतात. ओठांचे कोपरे मागे ओढले जाऊन दाढा दिसायला लागतात, जणू हसतोय. पुष्कळ जण तेव्हाच मोबाइल काढून फोटो घेतात. त्यानंतर लाळ घट्ट आणि तारेसारखी होते, श्वास आत घेताना घर्रघर्र वाढते, हिरड्या विटकरी लाल होतात. मग पाय लटपटतात, उलटी-जुलाब होतात आणि हिरड्या पांढऱ्या किंवा निळसर पडतात. जिभेवर थांबवलंत तर प्रकरण पाण्यात मिटतं. हिरड्यांपर्यंत गेलं तर दवाखाना गाठावाच लागतो.

सोबत डिजिटल थर्मामीटर ठेवा आणि ताप गुदद्वारातून बघा. कपाळावर रोखायचं यंत्र केसांवर काहीही आकडा दाखवतं. कुत्र्याचं तापमान मुळातच १०१ ते १०२.५ फॅरनहाइट असतं, त्याला ताप समजू नका. १०४ ला उपाय सुरू, १०६ म्हणजे जीव धोक्यात. एसी चालू असताना, सीटवरच्या यंत्रावर २३ असताना पंधरा मिनिटांनीही धाप थांबत नसेल तर मोजाच. आकडा १०२ आला तर ती बहुधा भीती किंवा मळमळ आहे, गाडी थांबवून फिरवून आणा.

१०४ च्या वर असेल तर आधी थंड करा, मग दवाखाना शोधा. लोक उलटं करतात, तापलेला कुत्रा मांडीवर घेऊन पाऊण तास डॉक्टर शोधत फिरतात आणि तो वेळच महागात पडतो. सावलीत उतरवा. तो पाच लिटरचा कॅन पोटावर, जांघेत, काखेत, मानेवर, पंजांवर ओता. बोटांनी केस उलटे करत पाणी कातडीपर्यंत जाऊ द्या, नाका-तोंडात जाऊ देऊ नका. त्याच वेळी कोणीतरी पुठ्ठ्याने किंवा ट्रेने जोरात वारा घाला. साधं पाणी चालतं, गार असलं तर उत्तम, पण बर्फ आणायला कोणाला पाठवून वाट बघत बसू नका. ओला टॉवेल अंगावर गुंडाळून ठेवणं ही नेहमीची चूक, तो दोन मिनिटांत कोमट होतो आणि आतली उष्णता कोंडून ठेवतो. दर तीन-चार मिनिटांनी ताप बघा आणि १०३ आला की पाणी ओतणं थांबवा, कारण त्यापुढे तो आपसूक खाली जातो आणि जास्तच खाली जाऊ शकतो. शुद्धीवर असेल तर पाणी चाटू द्या, बेशुद्ध असेल तर तोंडात थेंबही नको. क्रोसिन देऊ नका. हा संसर्गाचा ताप नाही, बाहेरची उष्णता आत साठलेली आहे, तिच्यावर पॅरासिटामॉलचा काही उपयोग होत नाही, यकृताला त्रास मात्र होऊ शकतो.

यातून सावरून तो शेपूट हलवायला लागला तरी त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा. मूत्रपिंड, आतडी आणि रक्त गोठण्याची क्रिया यांवरचा परिणाम पुढच्या एक ते तीन दिवसांत वर येतो. त्यासाठी निघण्याआधी पनवेल, महाड आणि चिपळूण इथल्या एकेका दवाखान्याला फोन करून ते किती वाजता उघडतात आणि रविवारी चालू असतात का हे विचारून ठेवा. मुंबईकरांना परळचं बैलघोडा हॉस्पिटल पाठ असतं, पण माणगावच्या पुढे त्याचा काय उपयोग?

पोचल्यावर लगेच अंगणात सोडू नका. सहा तास दबलेला कुत्रा उतरला की वाडीतल्या कुत्र्यांमागे धावतो, आणि प्रवासात नीट राहिलेला पग दहा मिनिटांत तिथे तापतो. पहिला तास पंख्याखाली, लादीवर.

परत येतानाही पहाटेच निघणार असाल तर एक बदल. तेव्हा तोंड उत्तरेला असतं आणि सकाळचं ऊन उजवीकडून येतं, म्हणजे ड्रायव्हरच्या मागची जागा उन्हात. त्याला डावीकडे बसवा.